आदर्श गावाची गोष्ट चाळिसाव्या पानावर अडलीय

वेदगंगाकाठ (निपाणी)

नमस्कार मंडळी. मी दिवसा पतसंस्थेत कर्जाच्या फायली बघते आणि रात्री पोरं झोपली की लिहिते. यंदाच्या दिवाळी अंकासाठी एक दीर्घकथा घेतलीय हातात, आणि ती अशी अडलीय की तुमच्याकडे आल्याशिवाय इलाज नाही.

कथा आपल्याच भागातल्या एका गावाची. साल २०६०. गाव महाराष्ट्र-कर्नाटकाच्या इतकं हद्दीवर की दोन्ही राज्यांनी एकमेकांवर ढकलून शेवटी त्याचा नाद सोडलाय. मग गावकऱ्यांनी आपलं आपणच ठरवलं. जमीन कुणाच्या नावावर नाही. जन्माचा दाखला असो की पाण्याचं बिल, कागद दोन्ही भाषांत. बोर्डावर कुठली ओळ वर यावरून डोकी फुटू नयेत म्हणून दर सहा महिन्यांनी ओळी अदलाबदल करतात. (ही युक्ती आमच्या धाकट्याची. वय नऊ.) दुपारपर्यंत शाळा, मग लहानथोर सगळे शेतात. घरांना कुलपं नाहीत. गावात पतसंस्था नाही, हे वाक्य लिहिताना मला फार बरं वाटलं.

चाळीस पानं झाली. गाव झकास आहे आणि काहीही घडत नाही. एका संपादकांना सुरुवातीची पानं पाठवली तर त्यांचा उलट प्रश्न: ‘यात बिघाड केव्हा होणार?’ सासूबाईंना वाचून दाखवलं. त्यांनी शेंगा फोडत सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाल्या, “बरं हाय की. पर ह्यात गटार कोण काढतंय?”

तिथून मी हललेली नाही.

सासूबाईंनी थॉमस मूर वाचलेला नाही, पण त्यालाही त्यांनी नेमकं तिथंच पकडलं असतं. १५१६ च्या त्याच्या ‘युटोपिया’ पुस्तकातलं ते आदर्श बेट आठवा. दिवसाला सहा तास काम, खाजगी मालमत्ता नाही, सोन्याची किंमत इतकी शून्य की त्याची शौचाची भांडी करतात. वाचताना आपण खूश. पण जनावरं कापणं आणि बाकी घाणेरडी कामं करायला त्या बेटावर गुलाम आहेत, आणि त्यांच्या बेड्यादेखील सोन्याच्या. मूरला ते खटकलेलं दिसत नाही.

आमच्या वाचक कट्ट्यावर हा विषय निघाला की चर्चा ठरलेल्या रस्त्यानं जाते. कुणीतरी ऑर्वेलच्या १९४५ च्या ‘ॲनिमल फार्म’ कादंबरीतल्या, जनावरांच्या राज्यात पुढारी झालेल्या डुकरांची आठवण काढतो, दूध आणि सफरचंदं फक्त त्यांनाच कशी जायला लागली ते सांगतो, मग ‘शेवटी माणूसच स्वार्थी’ म्हणून सगळे चहाला उठतात. या उत्तराचा मला कंटाळा आलाय. माणूस स्वार्थी आहे हे मला कर्जवसुलीत रोज कळतं, त्यासाठी कादंबरी कशाला हवी?

तर विचारायचंय ते असं. कथा-कादंबऱ्यांतली आदर्श गावं कोसळतात ती गोष्टीला बिघाड लागतो म्हणून, की खरोखरच कोसळण्यासारखं त्यांच्यात काही असतं? असेल तर नेमकं कुठं? पुस्तकातलं सांगा, आपल्या भागातलं सांगा, काहीही चालेल. फक्त ‘माणूसच वाईट’ नको.

कॅम्पातला वाचक (बेळगाव)

मराठीतला सर्वांत लाडका आदर्श समाज पसायदानात आहे, आणि त्याची अडचण मला शाळेपासून पडलेली. ‘जो जे वांछील तो ते लाहो प्राणिजात.’ ठीक. दोन भावांनी एकच बांध वांछिला तर?

वेदगंगाकाठ

तर दोघांची फाइल माझ्या टेबलावर येते. 🙂

जुना मास्तर (हुदली)

ताई, सासूबाईंना नमस्कार सांगा. त्यांचा प्रश्न आपल्या जिल्ह्यात एकदा सुताच्या रूपानं आला होता.

डिसेंबर १९२४, बेळगावचं काँग्रेस अधिवेशन. गांधीजींनी अध्यक्षपद भूषवलेलं हे एकमेव अधिवेशन, हे आपल्याकडे शेंबड्या पोराला पाठ असतं. अधिवेशनासाठी खणलेली टिळकवाडीतली विहीर दाखवायची, ते भरवणाऱ्या गंगाधरराव देशपांड्यांचं नाव घ्यायचं, हार घालायचा. पण त्या अधिवेशनात मंजूर काय झालं, असं विचारलं की माणसं पुन्हा विहिरीकडेच बोट करतात.

मंजूर झाली ती सभासदत्वाची नवी अट. तोवर चार आणे दिले की माणूस काँग्रेसचा सभासद व्हायचा. आता ठरलं की चार आणे नकोत, महिन्याला दोन हजार वार सूत द्या, स्वतः कातलेलं. वकील असो, जमीनदार असो, पुढारी असो, हातानं काम केल्याशिवाय मत नाही. ह्याहून मोठं स्वप्न कुठल्या कादंबरीकारानं पाहिलंय सांगा. एका अटीत बुद्धीचं काम करणारा आणि हाताचं काम करणारा एका पंगतीत बसणार होते.

पण खालचं कलम वाचा. आजारपण, अनिच्छा किंवा तसंच काही कारण असेल तर तेवढंच सूत दुसऱ्या कुणीतरी कातलेलं दिलं तरी चालेल. आजारपण मी समजू शकतो. अनिच्छा! म्हणजे ज्याला कातायचं नाही त्यानं सूत विकत आणून भरायचं. ही फट चुकून राहिली नव्हती. अधिवेशनाच्या आधी कलकत्त्यात चित्तरंजन दास आणि मोतीलाल नेहरूंबरोबर समझोता झाला होता, त्यातून ती आली. त्यांच्या स्वराज्य पक्षाची मंडळी चरख्याला हात लावायला राजी नव्हती आणि गांधीजींना पक्ष फुटू द्यायचा नव्हता. पुढं काय व्हायचं ते झालं. सप्टेंबर १९२५ मध्ये पाटण्याच्या बैठकीत अट सैल केली: सूत द्या नाहीतर पूर्वीसारखे चार आणे द्या. ज्यांना मनापासून कातायचं होतं त्यांच्यासाठी तिथंच चरखा संघ वेगळा निघाला.

आमच्या घरात हे अपयश म्हणून सांगितलं जायचं. आजोबा कातायचे आणि शेवटपर्यंत चिडलेले असायचे. मी मात्र वेगळ्या मताचा आहे. एखादा मोठा नियम करताना ‘ज्याची इच्छा नाही त्याचं काय’ हे नियमातच लिहून ठेवणारा माणूस मला शहाणा वाटतो. कादंबऱ्यांतल्या राज्यांत अनिच्छेसाठी कलम नसतं, खोली असते. ऑर्वेलच्याच १९४९ च्या ‘१९८४’ कादंबरीत त्या छळाच्या खोलीचा नंबर १०१ आहे.

आणि गावचा म्हणून सांगतो. १९३७ साली गांधी सेवा संघाच्या बैठकीला गांधीजी हुदलीला येऊन राहिले होते. खादी इथं अजून निघते. बायका कातायला येतात त्या व्रत म्हणून येत नाहीत, मजुरी मिळते म्हणून येतात. आजोबांना हे रुचलं नसतं. पण चरखे चालू आहेत.

तुमच्या गावात अनिच्छेचं कलम घाला. गोष्ट आपोआप चालू होईल.

वखारीमागचं घर (निपाणी)

ताई, तुमी निपाणीच्या आणि आंदोलननगर इसरला व्हय? साल २०६० कशाला पायजे, १९८१ घ्या की.

मी तवा सातवीत. तंबाखूला दर मिळंना म्हणून शरद जोशींनी हाक दिली आणि मार्च म्हयन्यात शेतकरी पुणे-बेंगलोर हायवेवर येऊन बसले. बसले ते बसलेच. मांडव पडले, चुली पेटल्या, नाव पडलं आंदोलननगर. आमचे वडील तिथं, म्हणून सुट्टीदिशी आमीबी तिथंच. मराठी बोलणारा, कानडी बोलणारा, कुणी कुणाला भाषा इचारली न्हाई. भाकरीच्या बुट्ट्या गावागावातनं यायच्या. कुणाची भाकरी कुणाच्या पोटात गेली त्याचा कुठं हिशोब न्हाई. व्यापाऱ्यापुढं मान खाली घालून हुबा ऱ्हाणारा माझा बाप मी तिथं पयल्यांदा मोठ्यानं बोलताना बघितला. पुस्तकातलं नंदनवन मला कुणी सांगू नये.

६ एप्रिलला पोलिसांनी नगर उठवलं. अश्रुधूर, लाठ्या, गोळीबार. बारा शेतकरी गेले.

आता ह्याच्यातलं दुसरं सांगतो, कारण तुमाला गोड गोड नकोय. वडील म्हातारपणी म्हणायचे, अजून पंधरा दिस काढले असते तर आमचं आमच्यात लागलं असतं. दोन एकरवाला आणि ईस एकरवाला एका मांडवात जेवत हुते, पर घरी गुरांना वैरण कोण घालतंय ही काळजी दोघांची येगळी. ईस एकरवाल्याकडं गडी हुता. आणि आमच्या घराच्या पुढं वखार. तिथं बायका तोंडाला पदर बांधून तंबाखूच्या धुळीत काम करायच्या, त्यांच्या मजुरीचा लढा येगळाच चालला हुता. दर वाढून मिळाला असता तर त्यातलं त्यांच्या पदरात किती पडलं असतं, ह्याची चर्चा मी मांडवात ऐकलेली न्हाई. सातवीतल्या पोराच्या कानावर सगळं येत नसंल, तेबी धरा.

नगर कुजायच्या आधी गोळ्या घालून मोडलं, म्हणून आमच्या डोक्यात ते तसंच चकाचक हाय. तुमच्या गावाचं काय करायचं ते तुमी ठरवा.

रानवाट (खानापूर)

वरचं सगळं वाचलं आणि थोडा राग आलाय, म्हणून लिहिते. आदर्श समाज ‘आतून’ कुजतो हे सगळ्यांनी गृहीतच धरलंय. वखारीमागच्या दादांनी स्वतःच सांगितलं की नगर बाहेरून मोडलं, तरी पुढं ‘कुजलंच असतं’ हे आहेच. मेलेल्यावर आपण असा आरोप ठेवतो का?

कल्याणचं बघा. बाराव्या शतकात आजच्या बीदर जिल्ह्यात, बिज्जळाच्या राजवटीत, बसवण्णा आणि शरणांनी (त्यांच्या विचाराच्या शिवभक्तांनी) अनुभव मंटप ही सगळ्या जातींची सभा उभी केली. अल्लमप्रभू अध्यक्ष. मडिवाळ माचय्या धुणी धुणारा, अंबिगर चौडय्या नाव चालवणारा, हरळय्या चामड्याचं काम करणारा, आणि अक्कमहादेवी राजवाडा सोडून आलेली. तिथं काम म्हणजे कायक, आणि कुठलंच कायक हलकं नाही. गटाराचा प्रश्न त्यांनी मुळापासून सोडवायला घेतला होता, पाळ्या लावून नव्हे. मग हरळय्याच्या मुलाचं मधुवरसाच्या मुलीशी लग्न ठरलं. मधुवरस ब्राह्मण. दोन्ही बापांना देहदंड झाला, शरणांची कत्तल झाली, उरलेले पांगले. हे आतून कुजणं नाही. बाहेरच्या जगानं आपली जातीची उतरंड वाचवायला केलेला खून आहे.

यावर गिरीश कर्नाडांचं नाटक आहे, ‘तलेदंड’, १९९० चं. त्यात बसवण्णा त्या लग्नाच्या बातमीनंच धास्तावतो, समाज अजून तयार नाही म्हणतो, आणि चळवळीतली तरुण पोरं त्याच्या हातातून निसटतात. नाटक म्हणून जबरदस्त. पण बघा, नाटककारालासुद्धा आतली भेग लागलीच. नुसतं ‘चांगल्या माणसांना वाइटांनी मारलं’ एवढ्यावर तीन तास जात नाहीत. तेव्हा ताई, तुमच्या पहिल्या प्रश्नाचं माझं उत्तर: हो, पुष्कळदा गोष्टीच्या गरजेपोटीच कोसळवतात, आणि मग आपण ती गोष्ट वाचून खऱ्या चळवळींना तीच मापं लावतो.

त्या पांगलेल्या शरणांपैकी, बसवण्णांचा भाचा चन्नबसवण्णा याच्याबरोबरची मंडळी आमच्या बाजूच्या रानांतून उळवीला पोचली अशी परंपरा आहे. माघी पौर्णिमेच्या जत्रेला अजून बेळगाव-धारवाडकडून बैलगाड्या जातात. आमचं घर मराठी, लिंगायत नाही, पण गाड्या दारावरून जाताना आई पाणी द्यायची. शरणांच्या वचनांच्या पोथ्या घराघरांत लपून राहिल्या. त्या गोळा करण्यात विजयपूरच्या फ. गु. हळकट्टींनी आयुष्य घातलं, आणि त्यांच्या वचनसंग्रहाचा पहिला भाग १९२३ मध्ये छापला गेला तो आपल्या बेळगावात. मास्तरांच्या अधिवेशनाच्या एक वर्ष आधी. बुडालेलं गाव असं आठशे वर्षं छापखान्यापर्यंत चालत येत असेल तर त्याला ‘फसलं’ म्हणायला माझी जीभ रेटत नाही.

जुना मास्तर

रानवाट, राग रास्त आहे. पण मारेकरी बाहेरचा होता म्हणून आत भेग नव्हती, असंही ठरत नाही.

रानवाट

मान्य. पण आधी मारेकऱ्याबद्दल बोला, मग भेगेबद्दल.

हुक्केरीकर (हुक्केरी)

मी वाङ्मयातला माणूस नाही, वडील लाइनमन होते. तरी एक गंमत सांगतो.

रॉबर्ट ओवेन नावाचा गिरणीमालक होता. त्यानं १८२५ मध्ये अमेरिकेत इंडियानात न्यू हार्मनी नावाचं अख्खं गाव विकत घेतलं. सगळं सामायिक. जो येईल त्याला प्रवेश. विद्वान आले, कारागीर आले, आणि नुसतं बसून खाणारेही आले. नियमावली करायची, मोडायची, नवी करायची, असं चालत चालत १८२७ पर्यंत कारभार आटोपला. ओवेनच्या संपत्तीचा मोठा भाग त्यात गेला. ताईंच्या गटाराच्या प्रश्नावर तिथं भाषणं भरपूर झाली असणार, असा माझा अंदाज.

आता पुढचं. त्याच ओवेनच्या विचारावर पोसलेले काही लोक इंग्लंडात रॉचडेलला होते, विणकर वगैरे. त्यांनी १८४४ मध्ये एक दुकान काढलं. गाव नाही, नवा माणूस घडवणं नाही. पीठ, लोणी, साखर. माल रोखीनं, वजन चोख, एका सभासदाला एक मत, आणि नफा ज्यानं जितकी खरेदी केली त्या प्रमाणात परत. हे चाललं. तिथून सहकाराची कल्पना जगभर फिरली. १९०४ मध्ये आपल्याकडे कायदा झाला, १९०५ मध्ये कणगिनहाळला, तेव्हाच्या धारवाड जिल्ह्यात, देशातली पहिली शेती पतपेढी निघाली. आणि १९६९ मध्ये आमच्या तालुक्यात विजेची सहकारी संस्था. कर्नाटकात सगळीकडे वीज सरकारी कंपन्या देतात, हुक्केरी तालुक्यात आमचा सहकारी संघ देतो. ग्राहक तोच सभासद. संघाच्या निवडणुकीत तालुका तापतो, शिव्यागाळी होते, पैपाहुणे एकमेकांशी बोलायचे बंद होतात. वडील रात्री पावसात खांबावर चढायचे ते काही आदर्श समाजासाठी नव्हे, पगारासाठी. पण दिवे लागतात.

ओवेन स्वतःला यशस्वी म्हणाला असता की नाही, माहीत नाही. त्याच्या स्वप्नाचा मोठा भाग वाया गेला आणि एक कंटाळवाणा तुकडा टिकला: हिशोब, ऑडिट, वार्षिक सभा. ताई, तुम्ही गावातून पतसंस्था काढून टाकलीत ना? माझ्या मते तिथंच घोटाळा झालाय.

वेदगंगाकाठ

हुक्केरीकर, हे वाचून मी अर्धा तास तुमच्यावर रागावून बसले होते. दिवसभर तेच करायचं आणि रात्री कल्पनेतही तेच?

रानवाट, तुमचा मुद्दा मला लागला. मी बिघाड शोधत होते तो फक्त गावाच्या आत. बाहेर दोन राज्यं आहेत हे मीच पहिल्या पानावर लिहून विसरले.

दहावा दिवस (चिकोडी, सध्या पुणे)

कोसळत नाही तरी गोष्ट वाचावीशी वाटते, असं आदर्श गाव हवं असेल तर उर्सुला ले ग्विन या अमेरिकन लेखिकेची १९७४ ची ‘द डिस्पझेस्ड’ ही कादंबरी घ्या. अनॅरेस हा एक उजाड ग्रह आहे. मालमत्ता नाही, सरकार नाही, तुरुंग नाही, आणि पाऊसही फारसा नाही, त्यामुळे समानता म्हणजे बहुतेक वेळा सगळ्यांना सारखंच कमी. घाणीच्या कामाचं उत्तर तिथं सरळ आहे: दर दहा दिवसांतला एक दिवस प्रत्येकानं अशा कामाला द्यायचा. माझं इथलं नाव तिथूनच घेतलंय.

बरं, कुणी नाही म्हटलं तर? काहीही होत नाही. पोलीस नाहीत, दंड नाही. शेजारी टोमणे मारतात, जेवणाच्या खोलीत कुणी बाजूला बसत नाही, मग तो माणूस हळूहळू दुसऱ्या वस्तीत निघून जातो. नायक शेवेक पदार्थवैज्ञानिक आहे. त्याला उशिरा कळतं की कायदा नसलेल्या या जगात सगळे शेजाऱ्याच्या नजरेला घाबरून वागतात, आणि त्याचा शोधनिबंधसुद्धा एका वजनदार ज्येष्ठाच्या मर्जीशिवाय बाहेर पडत नाही.

हे वाचताना मी होस्टेलवर एकटीच हसत होते. चिकोडीत वाढलेल्या मुलीला पोलिसाशिवाय राज्य कसं चालतं हे शिकवावं लागत नाही. ‘लोक काय म्हणतील’ एवढ्यावर अख्खी गल्ली चालते. आम्ही काय घालतो, कधी घरी येतो, कुणाच्या गाडीवर बसतो, सगळ्याची नोंद असते, तीही विनामोबदला. त्यामुळे ताई, तुमच्या गावात कुलपं नाहीत हे वाचून मला आनंद झाला नाही. कुलूप नसलेल्या घरात मुलीनं डायरी कुठं ठेवायची?

बाकी कादंबरी मला आवडते, कारण ती गाव मोडून टाकत नाही. शेवेक भांडतो, बाहेर जातो, परत येतो. गाव आहे तिथंच, अर्धवट, सुधारता येण्यासारखं.

पाटीपेन्सिल (संकेश्वर)

बराच वेळ वाचत होतो. मास्तरांनी अनिच्छेचं कलम सांगितलं, पोरीनं दहावा दिवस सांगितला. दोन्हींत एक गोष्ट धरून चाललेत, की गटाराजवळ सगळे एकाच वेळी, कोरी पाटी घेऊन येऊन उभे राहिलेत.

समजा मी तुमच्या गावात आहे. माझ्या पणज्यानं गावची घाण उपसली, आज्यानं उपसली, वडिलांना शिक्षण मिळालं म्हणून ते सुटले. २०६० साल उजाडलं, तुमची सभा भरली आणि ठरलं की यापुढं सगळे समान, सगळ्यांना पाळी. टाळ्या झाल्या. माझा नातू उठून म्हणतो, ‘आमच्या घराची पाळी आधीच भरून झालीय. शे-दोनशे वर्षांची आगाऊ. आधी तुमची होऊ द्या.’ काय करणार? त्याला अनिच्छा म्हणणार? टोमणे मारणार? की तो समानता मोडतोय म्हणून गावाबाहेर काढणार? गावाबाहेर आम्ही होतोच.

बेळगावात सुताची अट मंजूर झाली त्यानंतर चार महिन्यांनी, एप्रिल १९२५ मध्ये, बाबासाहेब तुमच्या निपाणीला अस्पृश्यांच्या बहिष्कृत परिषदेसाठी आले होते. त्याची विहीर कुणी दाखवत नाही.

महात्मा फुल्यांचा आदर्श मला यातल्या त्यात पटतो, कारण तो घराएवढा आहे. ‘सार्वजनिक सत्यधर्म’ त्यांच्या पश्चात १८९१ मध्ये निघालं. त्यात ते एक कुटुंब सांगतात: बाईला पटलं तर ती बौद्ध, नवऱ्याला पटलं तर तो ख्रिस्ती, मुलगी मुसलमान, मुलगा सत्यधर्मी, आणि सगळ्यांनी एका घरात प्रेमानं राहायचं. नियम एकच, दुसऱ्याचा द्वेष करायचा नाही. त्या घरात कुणाला बदलावं लागत नाही.

वेदगंगाकाठ

पाटीपेन्सिल दादा, काल रात्री तुमचं वाचून लॅपटॉप मिटला आणि आज पहाटे उठून सहा पानं लिहिली. गोष्ट सुटली. तुमचा नातू मी घेतला, चालेल ना? नाव तुम्ही सुचवा.

आता असं ठरतंय. तो सभेत उठून बोलतो. गावात वाईट माणूस एकही नाही, म्हणून तर पंचाईत. कुणाला त्याचं म्हणणं खोटं म्हणता येत नाही आणि कुणाला ते पेलवतही नाही. एक गट म्हणतो, त्याच्या घराला पन्नास वर्षं माफी. दुसरा म्हणतो, आज माफी जन्मावरून दिली तर उद्या पुन्हा सगळं जन्मावरूनच चालेल, मग नवं गाव कशाला वसवलं? मला दोन्ही पटतात. मास्तर मला वाटतं दुसऱ्या गटात असतील. मुलीची डायरीही येतेय, ती याच सभेची हकीगत लिहिते आणि लपवते. आणि हे घरातलं भांडण चालू असतानाच दोन्ही राज्यांना अचानक गाव हवंसं वाटायला लागतं, ही जागा रानवाटेसाठी. पतसंस्था परत आणत नाही, हुक्केरीकर, पण पाळ्यांचं रजिस्टर आलंय. ते ठेवणारी बाई पन्नाशीची आहे, चष्मा लावते आणि कुणालाच आवडत नाही.

गाव कोसळणार नाही. मतदान होईल, माफी थोड्या मतांनी मंजूर होईल, हरलेल्यांतली दोन-तीन घरं निघून जातील. अंक ऑगस्टअखेर छापायला जातो म्हणे.

जुना मास्तर

मी दुसऱ्याच गटात आहे. माफी द्यायची तर त्या मुलाला द्या, त्याच्या पोटी येणाऱ्यांना नको.

पाटीपेन्सिल (संकेश्वर)

पाळी पोटी येणाऱ्यांना लागत होती तेव्हा कुठं होता मास्तर? नाव ‘उत्तम’ ठेवा ताई. आज्याचं होतं.

हुक्केरीकर

मतदान दाखवणार असाल तर एक सांगतो, पतसंस्थेत असल्यानं तुम्हाला ठाऊकच असेल. पुष्कळ संस्थांत कोरम (सभेला लागणारी किमान हजेरी) झाला नाही तर सभा अर्धा तास तहकूब होते आणि मग त्याच जागी, त्याच विषयांवर पुन्हा भरते, तेव्हा कोरम लागत नाही. मोठमोठे ठराव मी त्या दुसऱ्या सभेत पास होताना बघितलेत. माफीच्या विरोधातली घरं त्या अर्ध्या तासात चहाला बाहेर गेली, एवढं केलंत तरी तुमचं प्रकरण उभं राहतंय.